हरिसिंगाचा परवाना

‘खुन्याच्या तोंडी विनोद घालायचा आणि आपण त्यावर हसायचं, ही आपली माती नव्हे,’ असं आमच्या वाचनमंडळातले सर गेल्या बैठकीत म्हणाले आणि बसलेल्यांपैकी निम्म्यांनी माना हलवल्या. सर नुसतं बोलून थांबणारे नव्हेत. पुढच्या खेपेला दोन पानी टिपण लिहून आणलं, झेरॉक्स काढून प्रत्येकाच्या हातात दिलं. आयुष्यभर मराठी शिकवलेला माणूस. टिपणात एक अनुस्वार इकडचा तिकडे नाही. त्या टिपणाला हे उत्तर. तोंडी देऊन पाहिलं, पण सरांसमोर माझं वाक्य अजूनही दहावी ‘ब’मध्ये अडखळायचं तसंच अडखळतं.

वादाचं कारण एक आयरिश कादंबरी, फ्लॅन ओब्रायनची ‘द थर्ड पोलिसमन’. लेखकाचं खरं नाव ब्रायन ओनोलन. डब्लिनमध्ये सरकारी नोकरी, आणि वर्तमानपत्रातलं सदर तिसऱ्याच नावाने. ही कादंबरी त्याने १९३९-४० मध्ये लिहिली. लंडनच्या प्रकाशकाने ती परत पाठवली तेव्हा या गृहस्थाने लाजेपायी मित्रांना सांगून टाकलं की हस्तलिखित हरवलं. ते घरातच होतं. १ एप्रिल १९६६ ला तो वारला (तारीखसुद्धा त्याने शोभेलशीच निवडली) आणि पुस्तक १९६७ मध्ये बाहेर आलं.

गोष्ट सांगणारा स्वतःच खुनी. पहिल्याच वाक्यात तो कबुली देतो की मॅदर्स नावाच्या म्हाताऱ्याला आपण फावड्याने मारलं. का मारलं? तर हा डी सेल्बी नावाच्या एका काल्पनिक विद्वानाचा भक्त. रात्र म्हणजे सूर्य मावळणं वगैरे काही नसून काळी हवा साचते, असं या डी सेल्बीचं संशोधन. त्याच्या ग्रंथांवर आजवर जेवढी भाष्यं झाली त्या सगळ्यांचा परामर्श घेणारं पुस्तक आपल्या खुन्याने लिहून ठेवलंय आणि छापायला पैसे नाहीत. स्वखर्चाने पुस्तक काढलेल्या कुठल्याही मराठी लेखकाला ही अडचण कळेल. त्यावरचा खुनाचा उपाय मात्र आपल्याकडे अजून रहस्यकथा विशेषांकापुरताच मर्यादित आहे. डिव्हनी नावाच्या जोडीदाराच्या नादाने खून होतो, म्हाताऱ्याची पैशांची काळी पेटी डिव्हनी लपवतो, आणि बऱ्याच काळाने आपला निवेदक ती आणायला म्हाताऱ्याच्या घरात शिरून फरशीखाली हात घालतो. तिथून पुढे जग बदलतं. मेलेला मॅदर्स समोर खुर्चीत बसून चहा पितोय. मग एक पोलीस ठाणं लागतं, भिंतीवर चितारल्यासारखं, जाडीच नसलेलं. तिथल्या सार्जंटला सायकलींखेरीज दुसरा गुन्हा ठाऊक नाही. ठाण्यात कोणीही आलं की त्याची तक्रार सायकलचीच असणार असं तो धरून चालतो.

सरांचा पहिला आक्षेप मातीचा. नर्सीच्या नामदेवांची, औंढ्याच्या नागनाथाची ही भूमी. इथे खुनी आणि हसू एका ओळीत येतात कसे, असं ते विचारतात. सर, येतात. आपल्याच गावात आलेत, आणि ते छापील आहे.

हिंगोली हे निजामाच्या फौजेचं ठाणं होतं हे आपण शाळेत शिकवायचात. त्या छावणीच्या बाजारात हरिसिंग नावाचा एक व्यापारी होता. पत असलेला, गोऱ्या अधिकाऱ्यांशीही देणं-घेणं असलेला. एकदा तो मुलकी कारभार बघणाऱ्या कॅप्टन रेनॉल्ड्सकडे गेला आणि मुंबईहून कापड आणायचंय म्हणून परवाना मागितला. मिळाला. कापड खरंच मुंबईहून निघालं होतं, फक्त ते हरिसिंगाचं नव्हतं. हिंगोलीजवळच्याच एका गावचा व्यापारी स्वतः ते घेऊन येत होता. हरिसिंगाने वाटेत त्याला, त्याच्या नोकरांना, बैल हाकणाऱ्यांना संपवलं, माल सरकारी परवान्यावर छावणीत आणला आणि उघड्या दुकानात विकला. ठगांची धरपकड झाली, हा सापडला आणि आपणहून बोलला म्हणून कळलं. एरवी कधीच कळलं नसतं. आणि ही हकीकत सांगताना तो पस्तावला नाही. काय मस्त गंमत केली, अशा थाटात फुशारकी मारत राहिला.

हे लिहून ठेवलंय फिलिप मेडोज टेलरने. निजामाच्या नोकरीतला हा अधिकारी त्या वेळी हिंगोलीत होता, हरिसिंगाशी त्याचाही व्यवहार झालेला होता. त्याच्या ‘कन्फेशन्स ऑफ अ ठग’ या १८३९ च्या कादंबरीच्या प्रस्तावनेत हे सगळं येतं. पुढे तो सांगतो की हरिसिंगाच्या ठगटोळीने छावणीच्या ऐन बाजारात, मुख्य पहाऱ्यापासून शंभर यार्डांच्या आत माणसं मारली आणि पहारेकऱ्यांच्या रांगेपासून जेमतेम पाचशे यार्डांवर पुरली. माफीचे साक्षीदार एकेक खड्डा शांतपणे दाखवत होते आणि टेलर उभा राहून बघत होता. एकेका खड्ड्यात अनेक प्रेतं. शेवटी बघणाऱ्यांनाच किळस आली आणि खोदणं थांबवलं. जागा कुठली, तर नदीला मिळणारा एक कोरडा ओहोळ, चरापेक्षा रुंद नाही की खोल नाही, शेजारच्या गावाला जाणाऱ्या वाटेलगत. नदी म्हणजे आपली कयाधूच असणार, दुसरी कुठली आणणार?

आता मला सांगा, सर, डब्लिनच्या लेखकाने आपल्या मातीत काय नवं पेरलं? परवाना आधी आणि खून नंतर, हा क्रम ओब्रायनला सुचला असता तर तो आठवडाभर खूश राहिला असता. त्याच्या कादंबरीतला सार्जंट स्वतःच लोकांच्या सायकली पळवतो आणि स्वतःच त्यांचा तपास लावतो. कारण त्याच्या मते, सतत सायकल चालवणाऱ्याचे अणू सायकलमध्ये जातात आणि सायकलचे माणसात येतात; गावचा पोस्टमन एव्हाना ७१ टक्के सायकल झालाय. गावकरी पुरते सायकल होऊ नयेत म्हणून चोरी. सरकारी कागदाच्या छत्राखाली गुन्हा, आणि तोही लोककल्याणासाठी! हिंगोलीच्या वाचकाला हे कळायला तळटीप लागत नाही. (अणूंचं म्हणाल तर संध्याकाळी कळमनुरी रोडला उभे राहा. काही पोरं टक्केवारीत पोस्टमनच्या बरीच पुढे गेलेली दिसतील.)

सरांचा दुसरा आक्षेप जास्त वजनाचा आहे, म्हणून त्यावर जास्त थांबतो. ते म्हणतात की खुन्याला विनोदी केलं की तो आवडू लागतो आणि मेलेला विसरला जातो. हे ऐकायला इतकं बरोबर वाटतं की मीही पहिल्यांदा मान हलवली होती.

पण टेलरचीच कादंबरी घ्या. तिच्यात विनोद औषधालाही नाही. अमीर अली हा ठग साहेबासमोर बसून आपली कहाणी सांगतो आणि साहेब अधूनमधून शहारतो. ज्या ठगावरून हे पात्र घेतलं त्याने ७१९ खून कबूल केले होते, आणि बारा वर्षं तुरुंगात गेली नसती तर हजार भरले असते अशी हळहळही व्यक्त केली होती. ठगांच्या कबुल्या माफीच्या साक्षीदारांनी दिलेल्या, जीव वाचवायला दिलेल्या. तेव्हा त्यातल्या आकड्यांकडे आजचे इतिहासकार संशयाने बघतात आणि बघायलाच हवं. पण कादंबरीपुरतं बोलू. अमीर अली देखणा आहे, अदबशीर आहे, शूर आहे, बायका त्याच्यावर भाळतात. लहानपणी त्याच्याच आईबापांना ठगांनी मारलेलं आणि त्यांच्यातल्याच एकाने याला पोर म्हणून वाढवलेलं. पुढे नकळत स्वतःच्या बहिणीचा जीव हाच घेतो. शोकांतिकेच्या नायकाला लागतं ते सगळं टेलरने त्याला दिलं. छापखान्यातून निघणारी पानं राणी व्हिक्टोरिया मागवून घेत होती, असं तो आत्मचरित्रात सांगतो. शेकडो पानं वाचून झाल्यावर वाचकाला आठवतो तो अमीर अलीच. गळा आवळलेल्यांपैकी एखाद-दुसरा सोडला तर कोणाचा चेहरा डोळ्यांपुढे येत नाही. हरिसिंगाने मारलेला तो कापडाचा व्यापारी तर प्रस्तावनेतही बिननावाचाच राहिला.

खुन्याला मोठं केलं ते गंभीर पुस्तकाने, सर.

आणि ओब्रायनकडे बघा. त्याने खुन्याचं काय केलं? पहिली गोष्ट, नाव काढून घेतलं. निवेदकाला स्वतःचं नावच आठवत नाही. पोलीस म्हणतात, तुला नाव नाही म्हणजे कायद्याने तू अस्तित्वातच नाहीस. तेव्हा तुला फाशी दिली तरी कोणी मेलं असं होणार नाही, कागद करायचीही गरज नाही. मग त्याच्या डोळ्यांदेखत फाशीचा मचाण उभा राहू लागतो. दुसरी गोष्ट, त्याला विद्वान केलं. फाशी डोक्यावर आहे आणि हा डी सेल्बीच्या भाष्यकारांची भांडणं तळटिपांत सांगत बसलाय. तिसरी गोष्ट, अख्ख्या कादंबरीत हा माणूस हसत नाही. हसतो तो वाचक.

सर, मुद्दा इथे आहे आणि टिपणात नेमका हाच निसटलाय. खुन्याने हसणं वेगळं आणि खुन्याला हसणं वेगळं. हरिसिंग हसला तेव्हा मेलेल्यांचा दुसऱ्यांदा जीव गेला, हे मला मान्य. पण ओब्रायनचा खुनी स्वतःला अत्यंत गांभीर्याने घेतो. आपलं पुस्तक, आपला विद्वान, आपला लाकडी पाय, आपला हिस्सा. ते गांभीर्यच त्याच्या हातात फावडं देतं. लेखक त्याच गांभीर्याखालची सतरंजी ओढतो.

जवळचं उदाहरण हवं? जानेवारी १९७६ ते मार्च १९७७ या काळात पुण्यात दहा खून झाले. चार तरुणांना २७ नोव्हेंबर १९८३ ला येरवड्यात फाशी झाली. खटल्याला नाव मिळालं ते मेलेल्यांचं, जोशी-अभ्यंकर. पण हिंगोली-परभणीपर्यंतच्या वडीलधाऱ्यांच्या तोंडी राहिलं कोणाचं? मारणाऱ्यांपैकी एकाचं, ‘जक्कल’. आमच्या घरी रात्री दार उघडं राहिलं की आजी म्हणायची, जक्कल येईल. १९८६ ला त्यावर ‘माफीचा साक्षीदार’ हा सिनेमा आला, आणि नाना पाटेकर पडद्यावर असला की बघणारा श्वास रोखून धरतो. त्यात कोणी खुन्यावर विनोद केला नव्हता. दहशतीने, आदराने म्हणावं इतक्या गंभीरपणे आपण ते नाव सांभाळलं. एखादा ओब्रायन तेव्हा पुण्यात असता तर त्याने त्या पोरांना सायकलच्या पंक्चरवर भांडत बसवलं असतं. मला वाटतं माझ्या आजीला बरी झोप लागली असती.

पुन्हा संतभूमीकडे येतो, कारण सरांनी टिपणात तो शब्द चारदा वापरलाय. मॅकॉलिफने शीख धर्मावरच्या ग्रंथात, १९०९ साली, नामदेवांची एक कथा नोंदवली आहे. त्या कथेत तरुण नामदेव वाटमारी करतात, पकडायला आलेल्या ८४ घोडेस्वारांना मारतात. पुढे औंढ्याच्या देवळाशी एक बाई रडणाऱ्या लेकराला सांगते की तुझा बाप त्या चौऱ्याऐंशींतच गेला, आता खायला कुठून आणू. ते ऐकून नामदेव शस्त्र स्वतःवर चालवतात. मराठी अभ्यासकांनी ही कथा नाकारली आहे, तिचा आधार असलेला अभंग आपल्या नामदेवांचा नव्हे असं त्यांचं म्हणणं. दामाशेटी-गोणाईच्या पोराचं विठ्ठलाशी लाडिक भांडण ज्याने वाचलंय त्याला ती पटणारही नाही. मलाही पटत नाही. पण ती कोणीतरी सांगितली, कोणीतरी ऐकली, आणि सांगताना जागा औंढ्याची निवडली. या मातीला खुन्याच्या गोष्टीचं वावडं होतं असं कसं म्हणायचं?

वाल्या कोळ्याचं तर काय सांगावं. सात रांजण. एक मुडदा, एक खडा. लहानपणी ही गोष्ट ऐकताना मला नेहमी प्रश्न पडे, दिवसभर दमून आल्यावर हा माणूस रोज न चुकता खडा टाकायचा? एखाद्या दिवशी विसरला तर दुसऱ्या दिवशी दोन? हा हिशोबीपणा काही कमी हास्यास्पद नाही. आणि नारदाच्या सांगण्यावरून तो घरी जाऊन विचारतो, पापात वाटा घेणार का. तेव्हा बायको जे उत्तर देते ते चावडीवरच्या कुठल्याही वाटणीत ऐकायला मिळतं. जमिनीत हिस्सा हवा, कर्जात नको. कीर्तनकार ही जागा कशी रंगवतात हे आपण नर्सीच्या मांडवात माझ्या शेजारी बसून ऐकलंय, सर. आपण हसला होतात, मी पाहिलं होतं.

तिसऱ्या आक्षेपाला मात्र एका परिच्छेदाच्या वर मी जागा देणार नाही. ‘खुन्याला शिक्षा नाही, पश्चात्ताप नाही’ असं सर लिहितात. शेवट फोडावा लागेल, नाइलाज आहे. फरशीखालच्या त्या जागी पेटी नव्हतीच, डिव्हनीने ठेवलेलं स्फोटक होतं. हात घातला त्याच क्षणी आपला निवेदक मेला. ठाणं, सायकली, मचाण हा सगळा नरक. शेवटी तो घरी पोचतो तर सोळा वर्षं उलटलीत. त्याला बघून डिव्हनी भीतीने प्राण सोडतो, आणि दोघं पुन्हा त्याच रस्त्याने त्याच ठाण्याकडे चालू लागतात, आधीचं काहीही न आठवता. हे असंच फिरत राहणार. एवढी लांब शिक्षा आपल्या पुराणांतही शोधावी लागेल. मेलेला माणूस बोलतो हे सरांना ‘परकं तंत्र’ वाटतं, तर सतीश आळेकरांच्या ‘महानिर्वाण’मधले भाऊराव १९७४ पासून मेल्यावर कीर्तन करताहेत आणि जुन्याच मसणात जाळा म्हणून हटून बसलेत. सरांनीच आम्हाला ते नाटक वाचायला सांगितलं होतं.

नाव नसलेला माणूस कायद्याने नसतोच, हा पोलिसांचा युक्तिवाद सर ‘अतिरंजित’ म्हणतात. माझ्या वडिलांनी पेन्शनीसाठी दरवर्षी नोव्हेंबरात हयातीचा दाखला दिला. एका वर्षी तो कागद कुठेतरी गहाळ झाला आणि पेन्शन थांबली. वडील स्वतः खिडकीशी जाऊन उभे राहिले. आतला माणूस चांगला होता, उठून खुर्ची दिली, पाणी दिलं, आणि म्हणाला, ‘काका, तुम्ही आहात हे मला दिसतंय हो, पण कागदावर दिसत नाही.’ वडील घरी येऊन तासभर हसत होते. त्यानंतर दोन दिवस त्यांनी जेवण नीट घेतलं नाही. ती दोन्ही दृश्यं मी पाहिलीत. ओब्रायन वाचताना मला ती एकदमच आठवतात. कोणत्या गंभीर कादंबरीने मला ती दोन्ही एकत्र परत दिली असती?

एका गोष्टीत सरांचं बरोबर आहे आणि ते त्यांनी टिपणात लिहिलेलंच नाही, म्हणून मीच लिहितो. या कादंबरीत म्हाताऱ्या मॅदर्ससाठी कोणी रडत नाही. बाई तर जवळजवळ नाहीच. निवेदकाला जिच्याबद्दल माया वाटते ती एक सायकल आहे. मॅदर्सला लेखकाने मेल्यावर बोलतं केलं, प्रत्येक प्रश्नाला ‘नाही’ म्हणायचं त्याचं व्रत फार मजेदार आहे, पण त्याचं घर कोणासाठी रिकामं झालं हे विचारायला कोणी येत नाही. औंढ्याच्या त्या न पटणाऱ्या कथेत ती बाई आहे, तिचं भुकेलं लेकरू आहे. हे ओब्रायनला जमलं नाही. टेलरलाही नाही.

परवा संध्याकाळी सरांना स्कूटरवर मागे बसवून गावाबाहेर नेलं. टेलरची प्रस्तावना त्यांनी चष्मा सावरत दोनदा वाचली होती, तेव्हा तो ओहोळ कुठला असेल ते बघू म्हणाले. छावणीच्या खुणा धरून आम्ही तीन ओहोळ पाहिले. तिन्ही चरापेक्षा रुंद नाहीत की खोल नाहीत. तिन्हींच्या कडेने वाट आहे. एकात प्लास्टिक, एकात बाभूळ, तिसऱ्यावर नवा पूल. शेजारच्या शेतात हळद उभी होती. सर पुलाच्या कठड्याला टेकून बराच वेळ खाली बघत राहिले. तेवढ्यात एक पोरगा मोटारसायकलवरून आला, आम्हाला तसं उभं बघून थांबला, एक पाय जमिनीला लावून म्हणाला, ‘काय झालं आजोबा, गाडी बंद पडली का?’

सर आधी त्याच्याकडे बघत राहिले, मग माझ्याकडे. आणि कठडा धरून, डोळ्यांतून पाणी येईपर्यंत हसले.